सुटला!

मराठी शिकवून पोट भरणाऱ्या माणसाला एक खोड जडते. कोण काय बोलला यापेक्षा तो कोणत्या शब्दांत बोलला, इकडे त्याचे कान आधी जातात. या खोडीपायी घरात बोलणी खावी लागतात, ती वेगळीच. पण पायरीच्या दगडासारखा रोज पायाखालचा एखादा शब्द कधीकधी असा ठेच लावतो, की आठ-आठ दिवस दुसरे काही सुचत नाही. 'सुटला' हा माझ्यापुरता तसा शब्द.

बघा ना. आपल्याकडे शाळा सुटते आणि गाडीही सुटते. पहाटे वारा सुटतो, चकलीच्या तळणीपाशी उभे राहिले की तोंडाला पाणी सुटते, आणि चाळिशी उलटली की पोट सुटते. हा शेवटचा अर्थ मी स्वानुभवाने सांगतो. गणित सुटते, उपास सुटतो, नोकरी सुटते. तुरुंगातून कैदी सुटतो. आणि एखादा माणूस वर्ष-दीड वर्ष अंथरुणाला खिळून अखेर डोळे मिटतो, तेव्हा शेजारपाजारची माणसे हलक्या आवाजात म्हणतात, "सुटला बिचारा!" एकाच क्रियापदावर आपण कैद्याला घरी पाठवतो आणि मेलेल्याला देवाघरी. अरबीतून आपल्याकडे आलेला 'खलास' हा शब्दही याच जातीचा. त्याच्या मुळाशी सुटकेचा अर्थ आहे. पण आपल्याकडे कोणी खलास झाला म्हटले, की त्याची सुटका कशी झाली हे विचारायची सोय राहत नाही.

अरबी शब्द मला उगाच आठवला नाही. ज्याची हकीकत सांगायची आहे, तो माणूस हा शब्द थेट अरबांच्या मुलखातून उचलून आमच्या अमडापुरात घेऊन आला होता. जेवण झाले की 'खलास', खळे उरकले की 'खलास', आणि भांडण मिटले तरी 'खलास'!

अमडापूर हे बुलढाणा जिल्ह्यातले, चिखली तालुक्यातले आमचे गाव. बल्लाळदेवीचे देऊळ ही त्याची पंचक्रोशीतली ओळख. या गावात एक म्हातारा होता. त्याला सारे 'बसऱ्याचा बुढा' म्हणत. मी त्याला पाहिलेले नाही. मी जन्मलो त्याच्या कितीतरी आधी तो गेला. पण माझी आजी १९४० च्या सुमारास लग्न होऊन या गावात आली, तेव्हा तो साठीच्या घरात होता आणि आमच्या ओसरीवर त्याची जा-ये होती. आजीकडून त्याच्या गोष्टी मी इतक्यांदा ऐकल्या, की त्याचे धोतर कसे होते आणि काठी कोणत्या लाकडाची होती, हेही मला सांगता येईल.

गावात त्याच्याविषयी दोन पक्ष होते. एक म्हणे, हा मोठा लढवय्या, पहिल्या लढाईत साता समुद्रापार जाऊन आला. दुसरा म्हणे, कसला लढवय्या! बांधाच्या तंट्यात भाऊबंदाचे डोके फोडून तुरुंगात गेलेला माणूस तो. मी लहानपणी आजीला विचारले, "आजी, यातले खरे कोणते?" तिने तांदूळ निवडता निवडता उत्तर दिले, "थो काई शिपाई नव्हता रे, कैदीच होता. पन लढाईवर गेलता, हे बी खरंच."

त्या वयात हे उत्तर मला कोड्यासारखे वाटले. कैदी लढाईवर कसा जाईल? पुढे कॉलेजात शिकवू लागल्यावर, ग्रंथालयात जाऊन बसण्याला लोक काम समजू लागले, आणि हे कोडे हळूहळू सुटले. (पाहा, पुन्हा तोच शब्द!)

पहिल्या महायुद्धात हिंदुस्थानातून सैन्यात किती माणसे भरती झाली, याचा सरकारी आकडा मोठा बोलका आहे. १९१९ च्या अखेरपर्यंत ८,७७,०६८ लढाऊ आणि ५,६३,३६९ बिनलढाऊ. म्हणजे तीन हिंदी शिपायांमागे सुमारे दोन माणसे अशी, की ज्यांच्या हाती बंदूक कधी आलीच नाही. स्वयंपाकी, पाणके, भंगी, खेचरवाले, डोलीवाले, गवंडी, हमाल. लढाई म्हटली की आपल्या डोळ्यांपुढे संगीन उभी राहते. पण संगिनीच्या पाठीमागे पीठ लागते, पाणी लागते, गोळ्यांच्या पेट्या वाहणारे खांदे लागतात. मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, हे खांदे फारच लागले. इंग्रजांनी १९१४ च्या नोव्हेंबरात बसरा घेतले खरे, पण तिथे मोठी जहाजे लागावीत असा धक्का नव्हता, चांगल्या सडका नव्हत्या, आगगाडी नव्हती. होता तो चिखल, तैग्रिस-युफ्रेटिसचा पूर आणि उन्हाळ्यात जीव नकोसा करणारी उष्णता. सगळे बांधायचे होते आणि सगळे वाहायचे होते.

बाहेर मजूर पुरेनात, तेव्हा सरकारची नजर तुरुंगांवर गेली. १९१६ ते १९१९ या काळात हिंदुस्थानच्या निरनिराळ्या तुरुंगांतून सुमारे १६,००० कैदी मेसोपोटेमियात नेले गेले. त्यांच्या तुकड्यांना जेल कोअर म्हणत. सौदा साधा होता. ठरलेली मुदत तिकडे राबा, वागणूक नीट ठेवा, उरलेली शिक्षा माफ. कोणावर जबरदस्ती नव्हती. जो आपखुशीने पुढे येईल त्यालाच घेत.

आपखुशीने! या शब्दापाशीही मी बराच वेळ थांबलो. चार भिंतींच्या आत चक्की पिसणाऱ्या माणसाला 'आपखुशी' किती उरलेली असते? एका बाजूला उरलेली वर्षे, दुसऱ्या बाजूला समुद्र, आणि त्या समुद्रापलीकडे जिथून परत येण्याची खात्री नाही असा मुलूख. माणसाला दोनच दारे दाखवायची आणि त्याने एकातून पाऊल टाकले की म्हणायचे, हा स्वतःच्या मर्जीने गेला! आपल्या भाषेत 'वेठ' हा फार जुना शब्द आहे. संस्कृतातल्या 'विष्टि'पासून तो आला, आणि ही विष्टि कौटिल्याच्या अर्थशास्त्रातही आहे. राजाने धरून नेऊन फुकट करवून घेतलेले काम, ती वेठ. बसऱ्याच्या कामाला पगार होता, शिक्षेची माफी होती, तेव्हा कायद्याने त्याला वेठ म्हणता येणार नाही. पण ओझे वाहणाऱ्या पाठीला कायद्याची व्याख्या वाचता येत नाही.

आमचा बुढा असाच पुढे आला होता. जहाजातून गोणी उतरवायच्या, माती खणायची, पुराच्या पाण्याला बांध घालायचे, ही त्याची लढाई. बांधाच्या भांडणावरून तुरुंगात गेलेल्या माणसाने परमुलखात जाऊन बांधच घालावेत, यातली गंमत त्याला स्वतःलाही कळत असे. तो आजोबांना म्हणे, "एका बांधापाई जेलात गेलो, अन् हजार बांध घालून भायेर आलो!"

आता नकाशावर बसऱ्याहून तैग्रिसच्या काठाने वर वर या. तिथे कुत-अल-अमारा नावाचे गाव आहे. नदीने त्याला तीन बाजूंनी वेढा घातलेला. आमचा बुढा बसऱ्याला पोहोचण्याच्या आधीच, १९१६ च्या एप्रिलात, या गावी एक भयंकर प्रकरण घडून गेले होते. त्याचा आपल्या महाराष्ट्राशी जवळचा संबंध आहे. कारण तिथे अडकलेल्या सहाव्या डिव्हिजनचे नावच मुळी पूना डिव्हिजन होते, आणि तिच्यात १०३, ११० आणि ११७ या क्रमांकांच्या तीन मराठा पलटणी होत्या. देशावरचे आणि कोकणातले शेतकऱ्यांचे पोरगे. बगदाद घ्यायला म्हणून जनरल टाउनशेंडच्या मागे ते निघाले. नोव्हेंबर १९१५ मध्ये टेसिफोनच्या लढाईत अडले, मागे फिरले, कुतला येऊन बसले, आणि तुर्कांनी त्यांना वेढले.

हा वेढा १४७ दिवस चालला. तुम्हा-आम्हाला एकादशी दुप्पट खाऊन करण्याची सवय. उपासमार म्हणजे काय, हे कुतच्या कहाणीवरून समजते. घोडे आणि खेचरे कापून खाण्याची वेळ आली. गोऱ्या शिपायांनी ते मांस खाल्ले. हिंदी शिपायांना ते गिळवेना. हिंदुस्थानातल्या धर्मगुरूंकडून तारेने परवानगी मागवली गेली, ती आलीही. पण जन्माचा नेम तारेने मोडत नाही. मोडला तो पुढे पोटाने. गावात धान्य थोडे होते, पण दळायला पुरेशी जाती नव्हती. तेव्हा विमानातून जात्याचे दगड खाली टाकले गेले. पिठाची पोतीही अशीच आकाशातून टाकली. त्यांतली काही नदीत पडली, काही शत्रूच्या खंदकात. वेढा फोडायला आलेल्या सैन्याने सुमारे २३,००० माणसे मारून आणि जखमी करून घेतली, पण ते आत पोहोचू शकले नाही. अखेर २९ एप्रिल १९१६ ला टाउनशेंडने शरणागती पत्करली. सुमारे १३,००० माणसे तुर्कांच्या हाती लागली. त्यांत तीन हजारांवर तर नुसते नोकरचाकर होते.

इथून पुढे वाटा फुटल्या. जनरलसाहेबांना इस्तंबूलजवळच्या एका रम्य बेटावर बंगला मिळाला. शिपायांना मिळाला रस्ता. उपासाने खंगलेली ती माणसे मे-जूनच्या उन्हातून शेकडो मैल चालवत नेली. बगदाद, समारा, मोसुल, नुसैबिन करीत ती रास-अल-ऐनला पोहोचली. वाटेत जो बसला तो बसलाच. रास-अल-ऐनला जर्मन इंजिनिअर तुर्कांसाठी बर्लिन-बगदाद आगगाडीचा लोहमार्ग टाकीत होते. त्या कामावर हिंदी शिपायांना जुंपले गेले. गोरे शिपाई बहुतेक पलीकडच्या डोंगरांतल्या बोगद्यांवर होते. त्याच बोगद्यांच्या कामावर पूर्वी आर्मेनियन मजूर होते. त्यांना तुर्की सरकारने हाकलून मरणाच्या वाटेला लावले, आणि त्यांच्या जागी हे कैदी आले. मेलेल्याच्या हातातून निसटलेले फावडे दुसऱ्याने उचलायचे, असा तो प्रकार.

१९०७ च्या हेग करारात युद्धकैद्यांबद्दल एक कलम आहे. कैद्यांना काम लावावे, पण ते ताकदीबाहेरचे नसावे आणि त्याचा लढाईशी संबंध नसावा. अधिकाऱ्यांना मात्र काम लावू नये. वाळवंटातली लष्करी आगगाडी म्हणजे लढाईशी संबंध नसलेले काम नव्हे, हे सांगायला वकील नको. कलमाचा शेवटचा भाग तेवढा काटेकोर पाळला गेला! कुतला धरल्या गेलेल्या गोऱ्या शिपायांपैकी निम्म्याहून कितीतरी अधिक, सतराशेवर, कैदेत मेले. हिंदी शिपाई आणि नोकर मिळून किमान अडीच हजार परतले नाहीत. आपल्या भाषेत सांगायचे, तर ते तिथेच 'सुटले'.

बुढ्याची हकीकत आणि कुतची हकीकत मी शेजारी शेजारी ठेवून पाहतो, तेव्हा चमत्कारिक वाटते. एक तुरुंगात होता, तो मोकळा होण्यासाठी त्या मुलखात गेला. दुसरे मोकळे होते, ते त्या मुलखात जाऊन कैदी झाले. एकाच नदीच्या खोऱ्यात, त्याच वर्षांत, दोघांच्याही हाती फावडे आणि डोक्यावर पाटी. एकाच्या मातीतून इंग्रजांचे रस्ते झाले, दुसऱ्याच्या मातीतून तुर्कांचा लोहमार्ग. दोन्ही राज्यांशी या माणसांचे देणे-घेणे एवढेच, की मजूर त्यांचा आणि रस्ता साहेबाचा.

तुम्ही विचाराल, कुतच्या कैद्यांतून कोणी पळाले की नाही? पळाले तर! अनातोलियातल्या योजगादच्या छावणीतून १९१८ च्या ऑगस्टात सव्वीस इंग्रज अधिकारी निसटले. त्यांतले आठ डोंगर-दऱ्या तुडवत, होडी मिळवून सायप्रसला पोहोचले. त्याच छावणीतल्या जोन्स नावाच्या अधिकाऱ्याने तर प्लँचेटचे ढोंग रचले. भुताखेतांचे निरोप सांगून तुर्की कमांडंटला गुप्तधनाच्या नादी लावले, पुढे आपल्या जोडीदाराबरोबर वेडाचे सोंग घेतले, आणि दोघेही सुटले. या साऱ्यांनी परत गेल्यावर पुस्तके लिहिली, ती खपली, अजूनही लोक ती आवडीने वाचतात. त्यांच्या धैर्याबद्दल मला आदरच आहे. पण पळायला नुसते धैर्य पुरत नाही. पैसा लागतो, नकाशा लागतो, आणि मुख्य म्हणजे दुपारी विचार करायला रिकामा वेळ लागतो. दिवसभर खडी फोडणाऱ्या शिपायाजवळ यांपैकी काय होते? बंगालच्या एका अँब्युलन्स तुकडीतले शिशिर सर्वाधिकारी मात्र विलक्षण निघाले. तेही कुतला पकडले गेले, रास-अल-ऐनपर्यंत गेले. सापडू नये म्हणून त्यांनी आपली रोजनिशी फाडून बुटांत लपवली, आणि १९५० च्या दशकात त्यावरून बंगालीत 'अभि ले बगदाद' नावाचे पुस्तक लिहिले. आपल्या तीन पलटणींतल्या बहुतेकांना अक्षरओळख नव्हती. त्यांची रोजनिशी त्यांच्या पायांच्या भेगांत होती, आणि ती त्यांच्याबरोबर गेली.

पुढच्या महायुद्धात पुन्हा हाच खेळ झाला. २१ जून १९४२ ला तोब्रुक पडले, तेव्हा मराठा पलटणीची दुसरी बटालियन तिथे पकडली गेली. उत्तर आफ्रिकेत धरलेले हजारो हिंदी शिपाई इटलीच्या आणि मग जर्मनांच्या ताब्यातल्या छावण्यांत गेले. अशीच एक छावणी फ्रान्समध्ये एपिनाल या गावी होती. तिथे सुमारे तीन हजार हिंदी कैदी होते. ११ मे १९४४ ला अमेरिकन विमानांनी एपिनालवर बॉम्ब टाकले. छावणीच्या भिंती कोसळल्या, कैदी मेले, आणि जे वाचले ते भगदाडातून बाहेर पडले. ना नकाशा, ना भाषा. कातडीचा रंग असा, की मैलावरून ओळखावे. तरीही सुमारे पाचशे जण पायी चालत शंभरांवर किलोमीटर तोडून स्वित्झर्लंडच्या हद्दीत पोहोचले. कसे? तर वाटेवरच्या फ्रेंच शेतकऱ्यांनी त्यांना गोठ्यात झोपवले, पाव दिला, बटाटे दिले, आणि हाताने दिशा दाखवली. पकडले असते तर त्या शेतकऱ्यांची धडगत नव्हती. भिंत बॉम्बने पडली, हे खरे. पण त्या पाचशे जणांना सोडवले कोणी, असे मला विचाराल, तर मी बॉम्बचे नाव घेणार नाही. रात्री कडी काढणाऱ्या त्या अनोळखी बायाबापड्यांचे घेईन.

दिवाळीच्या दिवसांत हा विचार मनात येतो, तेव्हा नरकचतुर्दशीची कथा आठवल्यावाचून राहत नाही. पहाटे उटणे लावून, कारीट पायाखाली चिरडून आपण नरकासुराच्या वधाचा आनंद करतो. पण त्या कथेतला नरकासुर मेल्यावरचा भाग आपण घाईने ओलांडतो. कदाचित फराळाचे ताट वाट पाहत असते म्हणून! नरकासुराच्या बंदिवासात सोळा हजार स्त्रिया होत्या. श्रीकृष्णाने दार उघडले. कीर्तनकार सांगतात, की त्या स्त्रिया बाहेर आल्या आणि देवालाच त्यांनी विचारले, "आता आम्ही जावे कुठे? बंदिवासात राहिलेल्यांना घरात कोण घेईल?" कृष्णाने त्यांना उपदेश केला नाही. त्यांना द्वारकेला नेले, आपले नाव दिले, घर दिले.

सोळा हजार! बसऱ्याला गेलेल्या कैद्यांचा आकडा पहिल्यांदा वाचला, तेव्हा मी पुस्तक मिटून काही वेळ नुसता बसून राहिलो. आकडे जुळणे हा योगायोग, हे मला समजते. पण प्रश्नही तोच आहे, हा योगायोग नव्हे. दार उघडणे हे राजाचे किंवा सरकारचे काम. ते एका सहीने होते, नाही तर एका बॉम्बनेही होते. पण बाहेर आलेल्याला आत कोण घेणार?

बुढ्याची गोष्ट इथेच खरी सुरू होते. लढाई संपल्यावर १९१९ मध्ये तो मुंबईला उतरला. आगगाडीने खामगावला आला आणि तिथून पायी निघाला. अमडापूरच्या शिवेवर पोहोचला तेव्हा तिन्हीसांजा झाल्या होत्या. तीस-पस्तीस मैलांवरून नव्हे, हजारो मैलांवरून आलेला माणूस. गाव शंभर पावलांवर, दिवे दिसताहेत. पण त्याचे पाऊल उचलेना. ज्याचे डोके फोडले तो भाऊबंद याच गावात होता. पंगतीला बसवणार की नाही, कोण जाणे. बायको माहेरी गेली असेल. तो देवीच्या देवळापाशी रात्रभर बसून राहिला. पहाटे पाण्याला निघालेल्या बायांनी त्याला ओळखले आणि घरी निरोप गेला.

त्याची म्हातारी आई काठी टेकत दारात आली. तिने त्याला उंबऱ्याबाहेर उभे केले. पायांवर पाणी घातले, भाकरीचा तुकडा त्याच्यावरून ओवाळून टाकला आणि म्हणाली, "ये आत." एवढेच. लग्न होऊन आलेल्या जोडप्याला, परगावाहून आलेल्या लेकाला आपल्याकडे जसे घेतात, तसेच. कुठून आलास, काय केलेस, काही नाही. हा प्रसंग तो आजीला पुन्हा पुन्हा सांगे. तिने त्याचे शब्द जसेच्या तसे जपले होते: "म्या बसऱ्यात सुटलो नाई, मुंबईत सुटलो नाई. मायनं तुकडा ओवाळून टाकला, तवा सुटलो."

पण सुटला तरी धास्ती गेली नव्हती. शिक्षा माफ झाल्याचा इंग्रजी कागद त्याने एका पत्र्याच्या डबीत जपून ठेवला होता. दर दिवाळीला, नवे धोतर नेसून, ती डबी घेऊन तो आमच्या ओसरीवर येई. आजोबांना थोडे इंग्रजी येत असे. "वाचा बरं मालक," म्हणे. आजोबा वाचत आणि मराठीत सांगत, की बाबा, तुझी शिक्षा माफ आहे. "अजून माफ हाये ना?" तो विचारी. "आहे." मग तो कागद घडी करून डबीत ठेवी, म्हणे 'खलास!', आणि आजीने पुढे केलेली करंजी खाई. वीस-पंचवीस वर्षे हा क्रम चालला. मधे एक आख्खे महायुद्ध येऊन गेले. इंग्रजही गेले. ज्या सरकारने माफी दिली ते सरकारच उरले नाही, तरी १९४७ च्या दिवाळीत तो डबी घेऊन आलाच. आजोबा हसून म्हणाले, "आता कोण तुला धरायला येतो रे?" तो गंभीरपणे म्हणाला, "वाचा तरी."

त्या एका वाक्यावर मी वर्गात एक तास बोलू शकेन, पण बोलत नाही. विद्यार्थ्यांना ते परीक्षेला येणार आहे असे वाटायचे.

अशा माणसांची नावे कुठे लिहिलेली असतात? आपल्या महाराष्ट्रात जुन्या लष्करी गावांतून दगडी पाट्या दिसतात: या गावातून इतके लोक १९१४ ते १९१९ च्या महायुद्धावर गेले, पैकी इतके मेले. किती, ते आहे. कोण, ते नाही. बसऱ्याला इंग्रजांनी बांधलेल्या मोठ्या स्मारकावर गोऱ्यांची आणि हिंदी अधिकाऱ्यांची नावे कोरली. साध्या हिंदी शिपायांची मात्र नुसती संख्या. २०२१ साली ब्रिटनच्या युद्धस्मारक आयोगाने चौकशी करून हा भेदभाव कबूल केला, तेथील सरकारने पार्लमेंटात माफीही मागितली. कोणत्याही लढाईनंतर शंभर वर्षांनी मागितलेली माफी ज्याच्यासाठी असते, त्याच्या कानी ती पडत नाही. पण मागितली हे बरे झाले. आणि ही सारी शिपायांची गोष्ट. जेल कोअरमधल्या कैद्याचे नाव शोधायचे तर कुठल्या दगडावर शोधायचे?

म्हणून मी ठरवले, की निदान एका माणसाचे नाव या दिवाळी अंकात छापून यावे. आजी जाऊन आता बरीच वर्षे झाली, पण तिने सांगितलेले नाव माझ्या लक्षात आहे. गेल्या उन्हाळ्यात अमडापूरला गेलो, तेव्हा बुढ्याच्या पणतवाला मुद्दाम भेटलो. शिकलेला, नीटनेटका मुलगा. त्याने चहा दिला, कौतुकाने सगळे ऐकून घेतले. ती डबी अजून त्यांच्या घरात आहे. आतला कागद वाळवीने खाल्ला. मी त्याला माझा बेत सांगितला. तो थोडा वेळ गप्प राहिला. मग आत स्वयंपाकघराकडे एकदा पाहून, आवाज खाली आणून म्हणाला, "सर, तुम्ही अवश्य लिहा. पण ते लढाईवर होते एवढंच लिहा. कैदी होते, ते नको. बहिणीचं लग्न जमायचं आहे."

मी त्याच्यावर रागावलो नाही. तुम्हीही रागावू नका. आपल्यापैकी कोणाच्या घरी मुलगी बघायला जाताना असल्या गोष्टींची चौकशी होत नाही? अर्धी गोष्ट लिहिणे मला जमणार नव्हते, आणि त्या मुलीच्या लग्नात खोडा घालणेही नको होते. तेव्हा गोष्ट मी पुरी लिहिली आहे, आणि नाव तेवढे लिहिलेले नाही.

त्याला गावात येऊन शंभरांवर वर्षे झाली. तो स्वतः त्याच पहाटे उंबरा ओलांडून आत आला. त्याचे नाव अजून शिवेवर बसून आहे.